चंद्रावर जायचं तर तुंगआन बाजारातून

आधी कपड्यांचं बघू. अंगातला टी-शर्ट काढा, मोबाइल घरीच ठेवा आणि हा निळ्या सुती कापडाचा घोट्यापर्यंतचा झगा चढवा. पायात कापडी जोडे, डोक्यावर काळी गोल टोपी. टोपीखाली केस कसे आहेत याची काळजी नको. सम्राट जाऊन तीनेक वर्षं झालीत. काहींच्या पाठीवर अजून वेणी लोंबते, काहींनी ती केव्हाच कापून टाकली आहे, त्यामुळे दोन्ही खपतं. तुम्ही बाई असाल तर आजच्यापुरतं पुरुष व्हावं लागेल. इथल्या नाट्यगृहांत बायकांना वरच्या सज्जात बसवतात आणि मला तुम्हाला खालच्या गर्दीत घुसवायचंय. तसंही आज ज्या नटाला, मे लान्फांगला, बघायला चाललोय तो पुरुष बाई होणार आहे, तेव्हा फिट्टंफाट.

शहर पेकिंग, साल १९१५. आठव्या चांद्रमासाची पौर्णिमा, म्हणजे आपल्याकडे भाद्रपदातली. तुमच्या घरचे गणपती नुकते बोळवून झाले असतील, मांडवाच्या दोऱ्या अजून सोडायच्या असतील. इथे चंद्राचा सण आहे.

गल्लीत पाऊल टाकलंत की पहिली गाठ धुळीशी. पिवळी, मऊ, पिठासारखी धूळ. घोट्यापर्यंत उडते, दातात कचकचते. दुपारचं ऊन पाठीवर चांगलं लागतंय, पण भिंतीच्या सावलीत शिरलात की हवेत गारवा आहे. पाणी विकणाऱ्याची एकचाकी गाडी कुईऽ कुईऽ करत पुढून येतेय. बाजूला व्हा, कारण तो थांबणार नाही. खेचरांची लीद, कोळशाचा धूर आणि कुठल्यातरी कोपऱ्यावरून येणारा गोडसर करपट वास. तो चेस्टनटचा. मोठ्या कढईत काळी वाळू, वर काकवी, आणि एक उघडा माणूस फावड्यानं ते सगळं उलथतोय. पुडी घ्याच. हात भाजतील, तरी घ्या.

डोक्यावरून मधूनच एक शिट्टी जाते, लांबलचक, सुरेल, जवळ येते आणि दूर जाते. वर बघा. कबुतरांचा थवा आहे. पेकिंगचे शौकीन पाळीव कबुतरांच्या शेपटीला हलक्या शिट्ट्या बांधतात. पक्षी उडाले की वारा त्या वाजवतो. ही कबुतरं लक्षात ठेवा, पुढे त्यांचं काम पडणार आहे.

बाजारात शिरायच्या आधी सशांच्या दुकानापाशी थोडं थांबू. दुकान कसलं, लाकडी पायऱ्यांची उतरंड, आणि प्रत्येक पायरीवर मातीचे ससे. तळहातावर मावणारे खाली, लहान मुलाच्या उंचीचे वर. हातात एक घेऊन बघा. अंग माणसाचं, तोंड सशाचं. पांढऱ्याफटक चेहऱ्यावर फाटका ओठ लाल रंगाच्या दोन फटकाऱ्यांत काढलाय. अंगात सेनापतीचं सोनेरी चिलखत, बसायला वाघ, पाठीत एक कागदी निशाण, आणि हातात औषध कुटायचं मुसळ. कान वेगळे खोचलेत, धक्का लागला की निघून येतात. हा थु-अर-ये, चंद्रावरचा ससेबुवा. शहरात साथ पसरली तेव्हा चंद्रावरून खाली उतरून यानं घरोघर औषध दिलं म्हणे, आणि कुणी काही कपडे दिले ते अंगावर चढवले, म्हणून कधी सेनापती, कधी आणखी कुणी. आपल्याही चंद्रावर ससा आहेच, पण त्याला चिलखत घालून वाघावर बसवायचं आपल्याला सुचलं नाही. पोरं हा ससा हट्टानं घेतात, रात्री त्याची पूजा होते, आणि चार दिवसांत तो फुटतो. दुकानदाराचं पोट त्यावरच चालतं.

शेजारी मिठाईवाल्याकडे चंद्राच्या पोळ्यांच्या चळती लागल्यात. तपकिरी, वर गडद वर्तुळ काढलेली ती देवासाठी. तिळाचं तेल, खडीसाखर, सुगंधी फुलं. पांढरी जी आहे ती चरबीत केलेली, ती माणसांसाठी, देवापुढे चालत नाही. तुम्ही शाकाहारी असाल तर देवाच्या बाजूला राहा.

आणि ही सगळी लगबग फक्त सणाची आहे असं समजू नका. वर्षातून तीनदा दुकानांचे हिशेब चुकते करायचे असतात आणि चंद्राचा सण त्यातला एक. धान्यवाला, तेलवाला, कापडवाला, सगळ्यांची माणसं काखेत वही मारून उधारी वसूल करत फिरताहेत. गल्लीच्या तोंडाशी एक सत्तरीचे आजोबा भिंतीला चिकटून उभे आहेत. वहीवाला नजरेआड झाला तसे ते भराभर तुमच्याकडे येतात.

‘‘चीश्यांग नाट्यगृहात निघालात? चला, मीपण येतो. आज मे लान्फांगचा नवा खेळ आहे. आणि तिथं मला कुणी शोधायला यायचं नाही.’’

तिकिटाचे पैसे तुम्ही देणार आहात हे त्यांनी गृहीत धरलंय. देऊन टाका. असा वाटाड्या मिळायचा नाही.

तुंगआन बाजार म्हणजे छपराखाली कोंबलेलं अर्धं पेकिंग. कापड, पुस्तकं, चष्मे, भविष्यवाले, पत्त्यांचे खेळ करणारे, दात काढणारे. तीन वर्षांपूर्वी बंडखोर शिपायांनी तो जाळला होता, आता पुन्हा उभा राहिलाय. एका कोपऱ्यातून मटणाची वाफ येते: तुंगलायशुन. पूर्वी नुसती टपरी होती, आता मधोमध निखारे असलेल्या तांब्याच्या भांड्यात कागदाइतक्या पातळ चकत्या बुडवून खातात. आजोबा नाक वर करून तिथेच रेंगाळतात. ओढा त्यांना. आधी नाटक.

बाजारातल्याच चीश्यांगच्या दारातून आत गेलात की ऊन संपतं आणि आवाज सुरू होतो. झांजा आणि ढोल इतक्या जोरात की पहिल्यांदा छातीत जाणवतात, कानात नंतर. आत विजेचे दिवे आहेत, पण तंबाखूच्या धुरानं त्यांच्याभोवती तांबूस कडी धरली आहेत. जागा दाखवणारा तुम्हाला दंडाला धरून बाजूच्या सज्जाखाली नेतो, एका अरुंद बाकावर दाबतो, आणि कुणी मागवला नसताना चहाची किटली येऊन पडते. उजव्या बाजूला आजोबांची हाडं, डाव्या बाजूला एक लठ्ठ व्यापारी. त्याच्या झग्याला लसणाचा आणि घामाचा वास आहे. पाय हलवायला जागा नाही. जमिनीवर कलिंगडाच्या बियांच्या टरफलांचा थर, प्रत्येक पावलाला कुरकुर वाजणारा.

एक गोष्ट तुमच्या लक्षात आली असेल. तुम्ही रंगमंचाकडे तोंड करून बसलेलाच नाही. मंच तुमच्या डाव्या खांद्यापलीकडे आहे. समोर टेबल, टेबलापलीकडे दुसरा माणूस, तो तुमच्याकडे बघत बिया फोडतोय. तक्रार करू नका. या शहरातल्या जुन्या चहागृहांत टेबलं मंचाला आडवी नव्हे, उभी लावत आले. जाणकार माणूस इथे नाटक ऐकायला येतो. बघायचं काय त्यात? गोष्ट सगळ्यांना पाठ, चेहऱ्यांचे रंग पाठ. डोळे मिटायचे, बोटानं मांडीवर ठेका धरायचा, आणि गळ्यानं बरोबर जागा घेतली की डोळे न उघडता ओरडायचं, ‘‘हाओ!’’ आजोबांनी आल्याआल्या डोळे मिटलेतसुद्धा.

मुख्य खेळ लगेच नाही. आधी एकामागून एक लहान नाटकं होतात, आणि ती कुणी फारशी मनावर घेत नाही. तोवर तुम्ही माणसं बघा. बियावाला, फळवाला, सिगारेटवाला बाकांच्या फटींतून सरपटतात. ‘‘डोकं!’’ असं कुणी ओरडलं तर खरोखर डोकं खाली घ्या. खालून एक जण वाफाळत्या, पिळलेल्या टॉवेलांचा गठ्ठा वर सज्जाकडे भिरकावतो, वरचा तो एका हातात झेलतो, वाटतो, वापरलेले टॉवेल गोळा करून तसाच खाली फेकतो. गठ्ठा तुमच्या टोपीवरून जातो, गालावर दोन गरम थेंब पडतात. तुमच्याही हातात एक टॉवेल येतो. अत्तराचा वास आहे. तुमच्या आधी त्यानं किती माना पुसल्या ते विचारू नका. धुळीनं भरलेल्या तोंडावरून तो फिरवलात की जे सुख मिळतं त्यापुढे स्वच्छतेचे धडे फिके आहेत, असं माझं तरी मत आहे.

वर बायकांच्या सज्जात आज जास्त गर्दी. दागिने, पंखे, कठड्यावरून वाकलेल्या मुली. त्या मात्र सरळ मंचाकडे बघताहेत. त्यांना वर बसवलं आणि नकळत चांगली जागा दिली.

आता झांजांची चाल बदलली. बाकांवरची कुजबुज आपोआप खाली आली. मंचाच्या मागच्या भरतकामाच्या पडद्याला दोन दारं आहेत, एकातून यायचं, दुसऱ्यातून जायचं. गोष्ट तुम्हाला माहीत नसेल तर पटकन सांगतो. आकाशात दहा सूर्य तापले, होउ यी नावाच्या धनुर्धरानं नऊ पाडले. त्याला पश्चिमेच्या राणीमातेकडून अमृत मिळालं, आणि ते त्याच्या बायकोनं, छांग-अनं, गुपचूप गिळलं. नवरा मागे लागला. ती उडाली ती थेट चंद्रावर. तिथे एक ससा औषध कुटत असतो, आणि वू गांग नावाचा एक जण असं झाड तोडत असतो जे घाव घातला की पुन्हा भरून येतं. मागून आलेल्या नवऱ्याला तो वू गांगच अडवतो. बस्स. ही इथल्या पोराटोरांना माहीत असलेली गोष्ट. तरी सणाला दरवर्षी लागणारं नाटक जुनं होऊन कंटाळवाणं झालं होतं, म्हणून मे आणि त्याच्या मित्रांनी, छी रूशान आणि ली शिखान या दोघा लिहिणाऱ्यांनी, ही नवी मांडणी केली.

होउ यी येतो, गर्जतो, लोक चहा पितात. राळेचा भडका उडतो, डोळ्यांत पाणी येतं. साध्या कपड्यातला एक माणूस मधेच मंचावर येऊन खुर्ची हलवतो आणि कान खाजवत परत जातो. त्याला कुणी बघायचं नसतं, हा करार आहे; तुम्हीही पाळा.

मग ती येते.

आजोबांनी डोळे उघडलेले नाहीत. तुम्ही मात्र मान डावीकडे वळवा, पूर्ण वळवा, दुखली तरी चालेल. नेहमीच्या बाईच्या वेषात गुडघ्यापर्यंतचा सैल अंगरखा घागऱ्यावरून सोडलेला असतो, त्यात कंबर कुठे आहे ते नटालाच ठाऊक. हिचा अंगरखा आखूड आहे आणि घागरा त्याच्यावरून बांधलाय. कमरेला रेशमी पट्टा, गाठ, गाठीतून सुटलेले पदर. केसांचा अंबाडा उंच बांधलेला. हा वेष मंचावर कुणी पाहिलेला नाही, पण सगळ्यांनी पाहिलाय, भिंतीवरच्या जुन्या चित्रांत. मेनं तो तिथूनच उचललाय. केसरचनेमागे त्याच्या बायकोचा, वांग मिंगह्वाचा हात आहे. वरच्या सज्जातून एकदम श्वास घेतल्याचा आवाज येतो. उद्या या शहरात किती आरशांपुढे असा अंबाडा बांधून बघितला जाईल ते मी सांगायला नको. याच सुमारास आपल्याकडे बालगंधर्वांचं लुगडं आणि नथ बघून घरी गेलेल्या बायकांनी काय केलं ते आठवा.

एकवीसही पुरी न झालेला हा पोरगा. जवळून बघितलंत तर त्याचे डोळे बघा. लहानपणी ते मंद होते, पापण्या जड, नजर हलत नसे. या धंद्यात ते चालत नाही. मग त्यानं कबुतरं पाळली. रोज पहाटे थवा उडवायचा आणि आकाशात तो दिसेनासा होईपर्यंत नजरेनं धरून ठेवायचा. आता ती नजर टेबलावरच्या एका न दिसणाऱ्या अमृताच्या गोळीवर पडते, आणि शेजारचा लठ्ठ व्यापारी फोडलेली बी तोंडात न टाकता तशीच धरून बसतो.

ती गिळते. नवऱ्याला कळतं. भांडण, पळापळ, ढोल. आणि आता उड्डाण. सिनेमा असता तर तारेला बांधून वर ओढली असती. इथे तार नाही, ढग नाही, दोर नाही. घागऱ्याखाली दिसत नाहीत अशी पावलं, टाच अंगठ्याला लागेल इतकी जवळ, इतकी भराभर की कमरेवरचं शरीर एक बोटभरही वरखाली होत नाही. मंचाभोवती एक वर्तुळ, मग दुसरं. पट्ट्याचे पदर मागे आडवे झाले आहेत. दुसऱ्या वर्तुळाच्या मध्यावर कुठेतरी तिनं जमीन सोडलेली असते, आणि नेमकी कुठे सोडली यावर तुमचा आणि त्या व्यापाऱ्याचा वाद होऊ शकतो.

चंद्रावर पोचल्यावर प्रेक्षकांना जरा मोकळं करतात. ससेबुवा येतो, त्याच्यामागे ससेबाई, दोघं विदूषक. मघाशी पायऱ्यांवर मांडले होते तेच कान. मांडीवर मातीचा ससा घेऊन बसलेलं एक पोर किंचाळतं, हातातला ससा वर करून मंचावरच्याला दाखवतं. एक कान निघून पडतो. टरफलांत शोधायला चार माणसं वाकतात. मंचावर गाणं चालू, खाली कान शोधणं चालू, आणि कुणाला त्यात वावगं वाटत नाही. मला ही नाट्यगृहं आवडतात ती यामुळे. देवी येते तेव्हा इथे कुणी हातातला चहा खाली ठेवत नाही.

पण आता जे होतं त्यासाठी ठेवतात. छांग-अ चंद्रावरच्या बागेत फुलं वेचायला निघते. खांद्यावर फुलं खुडायचा लहानसा विळा, त्याला टांगलेली परडी. चिंगहू, म्हणजे बांबूचं ते दोन तारांचं गजानं वाजवायचं वाद्य, एक संथ, लडिवाळ चाल धरतं. गळा उंच, पातळ, पण तुटत नाही. ती वाकते, विळा फिरवते, परडी या खांद्यावरून त्या खांद्यावर जाते. आणि तेवढ्यात कुठूनसा पांढऱ्या उजेडाचा झोत येऊन तिच्यावर पडतो. तिच्या एकटीवर. ती सरकते तसा तोही सरकतो.

तुम्हाला याचं काय! तुम्ही लग्नाच्या हॉलमध्येसुद्धा असले दिवे बघता. पण या बाकांवरच्या लोकांनी आजवर मंच सगळा एकाच उजेडात बघितलाय. नट, वादक, खुर्ची हलवणारा, सगळे सारखे उजळलेले. आज पहिल्यांदा कुणीतरी त्यांना सांगतंय की बाकीचं सोडा, इकडे बघा. बाकांची एक करकर ऐकू येते. टेबलांभोवती समोरासमोर बसलेली माणसं एकाच दिशेला वळताहेत. कुणी गुडघा बाहेर काढतो, कुणी अर्धवट उठतो, मागचा त्याला खाली ओढतो. चहा सांडतो, शिव्या होतात. त्या गडबडीत मी तुम्हाला आजोबांकडे बघायला सांगणार होतो. त्यांचे डोळे उघडे आहेत. ठेका धरलेलं बोट मांडीवर थांबलंय, आणि ते लटक्या रागानं पुटपुटतात, ‘‘हे असलं काय! गाणं ऐकू देत नाहीत.’’ मग मान लांब करतात.

सिनेमावाल्यांनी मेला गाठलं ते पाच वर्षांनी, शांघायमध्ये. स्वर्गातली अप्सरा फुलं उधळते ते नृत्य त्यांनी चित्रित केलं. मूक फिती त्या, गळा त्यांत नव्हताच. तेव्हा जे बघायचं ते आत्ताच डोळे भरून बघा.

शेवटचा प्रवेश सणाच्या रात्रीचा. चंद्रावर फळं मांडलीत, मद्य आहे, सख्या येऊन जातात. त्या गेल्यावर ती खाली बघते. खाली म्हणजे कुठे? आपल्याकडे. पृथ्वीवर आज घरोघर माणसं एकत्र आली आहेत, नवरा-बायको अंगणात बसलेत. तिच्याकडे थंड महाल आणि न संपणारं आयुष्य. हातभर लांब पांढऱ्या रेशमी बाह्या ती फेकते, गोळा करते, पुन्हा फेकते. मंचावर तिला एक नोकर येऊन छोट्या किटलीतून चहाचा घोट देतो, बाहीआड; गळा कोरडा पडला तर देवीनं तरी काय करावं. ‘‘हाओ!’’ची गर्जना सज्जाच्या कठड्यापर्यंत जाते. तुम्हीही ओरडलात. मी ऐकलं.

बाहेर पडणं हे वेगळं युद्ध. दरवाजा एक, माणसं शेकड्यांनी, टोपी सांभाळा. मान आखडली असेल तर चोळा, उद्या अर्ध्या पेकिंगची आखडलेली असणार आहे. बाजारातले दिवे लागलेत. आजोबा पुन्हा मटणाच्या वाफेपाशी थबकतात आणि तुमच्याकडे बघतात. या वेळी घ्या त्यांना आत. भांड्यातली पातळ चकती रंग बदलेपर्यंत हलवायची, तिळाच्या चटणीत बुडवायची. दोघांची कपाळं घामेजेपर्यंत खा.

मग त्यांच्या घरी. चंद्र चांगला वर आलाय. वाड्याच्या चौकात टेबल मांडलंय: कमळपाकळ्यांसारखं कापलेलं कलिंगड, सशासाठी शेंगांसकट सोयाबीनचे डहाळे, कोंबड्याच्या तुऱ्याची लाल फुलं, तपकिरी पोळ्यांची चळत, आणि मागे काडीला लावलेलं चंद्राचं छापील चित्र; वर बोधिसत्त्व, खाली मुसळ घेतलेला ससा. सुना आणि नाती पुढे, पुरुष कडेला, कारण इथे चंद्राची पूजा बायकांनीच करायची. उदबत्त्यांचा धूर सरळ वर जातोय. पूजा झाली की ते चित्र जाळून टाकतात, आणि मोठी पोळी घरातल्या माणसांच्या संख्येइतक्या तुकड्यांत कापतात. आजी सुरी धरून मोजताहेत. तुम्हाला बघून त्या पुन्हा पहिल्यापासून मोजतात.

आणि कोपऱ्यात कंदील जमिनीवर ठेवून, काखेत वही मारून, तेलवाल्याचा माणूस उभा आहे. दुपारचाच. तो आजोबांना बघतो, आजोबा त्याला बघतात. पळायला जागा नाही.

‘‘चीश्यांगला होतात?’’ तो विचारतो.

‘‘होतो.’’

‘‘तो उजेडाचा झोत म्हणतात तो, खराय?’’

आजोबा झगा वर खोचतात, चौकातल्या फरशीवर टाचेला अंगठा लावत दोन पावलं टाकतात, तिसऱ्याला अडखळतात, आणि सत्तरीच्या फाटक्या गळ्यानं फुलं वेचायची चाल धरतात. नाती हसून लोळताहेत. तेलवाल्याचा माणूस डोळे मिटून, बोटानं वहीवर ठेका धरून पूर्ण कडवं ऐकतो.

‘‘हाओ,’’ तो म्हणतो आणि वही उघडतो. ‘‘आता तेलाचे पैसे.’’